न झालेल्या गोलांची वैशाली

वैशाली साळवे आमच्या शाळेत खेळाची शिक्षिका म्हणून आली, त्या दिवशी मुख्याध्यापकांनी तिला दोन-तीनदा "बसा" म्हटलं. प्रत्येक वेळी ती "हो सर" म्हणाली आणि उभीच राहिली. शेवटी सरच खुर्चीतून उठले. समोरचं माणूस उभं असताना आपण रेलून बसायचं हे त्यांना जड गेलं असावं. पुढची सगळी बोलणी दोघांनी उभ्याउभ्याच उरकली. मी तेव्हा कसल्याशा सहीसाठी आत गेले होते. एवढी उंच बाई मी आयुष्यात पाहिली नव्हती, आणि एवढी चुळबुळी तर नाहीच नाही. बोलता बोलता तिनं टेबलावरचा पेपरवेट उचलला, या हातातून त्या हातात केला, ठेवला, परत उचलला. सरांचं सगळं लक्ष त्या पेपरवेटवर, आणि तिचं खिडकीबाहेरच्या मैदानावर.

मी मराठी शिकवते. बसणं हा माझा पिंड आहे. बसून शिकवावं, बसून खावं आणि बसल्या बसल्या दुसऱ्यांची उणीदुणी काढावी, अशा मताची मी बाई. तिचं आणि माझं जमायचं काही कारण नव्हतं. पण स्टाफरूममध्ये तिला माझ्या शेजारची खुर्ची मिळाली. ती त्या खुर्चीवर कधी बसेना, म्हणून मी तिथं माझी पर्स आणि डबा ठेवू लागले, आणि त्या मोकळ्या जागेच्या मेहेरबानीवर आमची मैत्री सुरू झाली. आता ती आमच्या शाळेत नाही. दुसऱ्या राज्यात खेळाडूंसाठीच्या एका नोकरीवर गेली. कुणी नवीन शिक्षिका आल्या की विचारतात, "साळवे मॅडम कशा होत्या हो?" तेव्हा मला नीट सांगता येत नाही. कशा होत्या? उभ्या होत्या.

ती भारताकडून नेटबॉल खेळायची. हे मला कळलं तेव्हा मी विचारलं होतं, "म्हणजे ते जाळीवरून पलीकडं मारतात तेच ना?" तिनं माझ्याकडं अशा नजरेनं पाहिलं की मी शुद्धलेखनाच्या चुकांकडंसुद्धा तसं पाहत नाही. मग तिनं टेबलावरचा डस्टर उचलून माझ्या अंगावर फेकला.

"धरा, मॅडम! धरला? आता पळायचं नाय. हातात बॉल असला की पळता येत नाय. तीन सेकंदात दुसऱ्याला द्या. लवकर!"

मी घाबरून डस्टर भिरकावला तो गणिताच्या काळे सरांच्या चहात. तिला त्याचं काही नव्हतं. ती माझ्यापासून तीन फुटांवर उभी राहिली, दोन्ही हात माझ्या डोक्यावर छत्रीसारखे पसरले आणि म्हणाली, "हे माझं काम. बॉलवालीच्या तीन फूट लांब राहायचं, अंगाला हात लावायचा नाय, पण तिला समोरचं काय दिसू द्यायचं नाय. माझ्या मागं रिंग हाय. ती मी राखायची."

ती गोलकीपर होती. नेटबॉलमध्ये गोलकीपर म्हणजे आपल्या टोकाच्या रिंगपाशी उभं राहून समोरच्या संघाला गोल करू न देणारी खेळाडू. ही तीन फुटांची सवय तिच्या हाडात इतकी भिनली होती की ती बँकेच्या रांगेत, भाजीवाल्यापाशी, शाळेच्या प्रार्थनेतसुद्धा बरोबर तेवढ्याच अंतरावर उभी राहायची आणि बोलता बोलता तिचे हात हळूहळू वर जायचे. पालकसभेत एका बापानं तक्रार केली, की मॅडम मला मारायला धावल्या. कुणी कुणाला मारलं नव्हतं. मुलाची उंची किती वाढेल एवढंच ती त्याला हात वर करून सांगत होती.

तिच्या नखांच्या वेडाचे किस्से तर शाळेत अजून सांगतात. नेटबॉलमध्ये सामन्याआधी अंपायर प्रत्येकीची नखं तपासतात, वाढलेली असली तर कापल्याशिवाय मैदानात पाय ठेवू देत नाहीत. आमच्या क्रीडासप्ताहाच्या उद्घाटनाला संस्थेच्या एका मोठ्या पदाधिकाऱ्यांच्या पत्नी आल्या होत्या. त्यांनी पहिला बॉल रिंगमध्ये टाकायचा, फोटो निघायचा, असा कार्यक्रम. पैठणी, हातभर बांगड्या आणि रंगवलेली लांबसडक नखं. वैशालीनं त्यांच्यापुढं बॉल धरला, त्यांच्या हाताकडं पाहिलं आणि बॉल मागं घेतला.

"नखं कापावी लागतील," ती म्हणाली.

मुख्याध्यापकांच्या चेहऱ्याचा रंग उडाला. त्या बाई हसल्या, त्यांना वाटलं गंमत आहे. वैशालीनं ट्रॅकपँटच्या खिशातून नेलकटर काढला आणि त्यांचा हात हातात घेतला. मधे पडून मीच कशीबशी वेळ सावरली, बाईंना बॉल न देता फीत कापायला लावली. नंतर मी वैशालीला चांगलं झापलं. तिला माझं बोलणं कळलंच नाही. "पोरी बघायल्या होत्या की, मॅडम," ती म्हणाली, "रोज त्यांची नखं मीच कापते. मग ह्यांना सूट का म्हणून?"

ती राहायची बजाजनगरला. वडील वाळूजच्या कंपनीत कामाला होते, आई घर बघायची. मी एकदा त्यांच्याकडं जेवायला गेले होते. समोरच्या भिंतीवर निळ्या कोटातली तसबीर, खाली बुद्धाची छोटी मूर्ती, आणि मूर्तीच्या शेजारी एक बॉल, कारण घरात बॉल ठेवायला दुसरी उंच जागा नव्हती. तिची आई मला म्हणाली, "मॅडम, तुम्ही तरी सांगा हिला. सकाळी वंदनेला दोन मिनिटं डोळे मिटून बस म्हणते मी. बसतच नाय. पायाला भिंगरी हाय हिच्या."

वैशाली भाकरी हातात घेऊन दारात उभी होती. म्हणाली, "आई, बसूनच सगळं झालं असतं, तर भगवान नंतर गावोगाव चालत कशाला फिरले असते?"

आईनं डोळे मोठे केले, पण हसू लपवता आलं नाही. मला म्हणाल्या, "बघा. तोंडही असं चालतंय."

पहिल्यांदा भारताच्या संघात निवड झाली तेव्हा त्यांच्या वसाहतीनं चौकात फ्लेक्स लावला होता. त्यावर तिचा फोटो आणि शेजारी भलामोठा बास्केटबॉल, मागं फळी असलेली रिंग. तिनं शिडी आणून तो खाली उतरवला आणि काळ्या मार्करनं फळी खोडून परत वर चढवला. "आमच्या रिंगला मागं फळी नसते," ती म्हणायची. "बॉल चुकला तर आपटून परत येत नाय. म्हणून तर मी लागते." लोकांना अर्थात काही कळलं नाही. गोल करणारीचं नाव सगळ्यांना ठाऊक असतं. हिचं काम गोल न होऊ देण्याचं. "न झालेला गोल कुणी मोजत नाय, मॅडम," असं ती दर दोन दिवसांनी म्हणायची, आणि हे म्हणताना दुःखी वगैरे अजिबात नसायची. उलट डोळे चमकायचे. जणू ते सगळे न झालेले गोल तिनं कुठंतरी दडवून ठेवले होते आणि ते फक्त तिच्या मालकीचे होते.

मग तिचा गुडघा गेला. परदेशातल्या एका स्पर्धेत, सामना अर्धा उरलेला असताना, ती उडी मारून खाली आली ती वाकडीच. दोघांनी उचलून तिला मैदानाबाहेर नेलं. इथं आल्यावर ऑपरेशन झालं. मी भेटायला गेले तर पलंगाची चादर तिनं पायाच्या हालचालींनी पार गोळा करून टाकली होती. डॉक्टरांनी खेळ सोडायला सांगितला होता. तीस वर्षांची होत आली होती, नोकरी होती, आईला तिच्या लग्नाची घाई होती. मीसुद्धा शहाणपणाच्या दोन गोष्टी सांगितल्या.

ती छताकडं बघत म्हणाली, "मला उचलून बाहेर नेलं, मॅडम. लई बेक्कार वाटतं ते. एकदा तरी भारताच्या ड्रेसमधी परत आत जाणार मी. माझ्या पायांनी जाणार, माझ्या पायांनी बाहेर येणार. मग सोडते. आईची शप्पथ."

पुढची दोन वर्षं ती या एका वाक्यावर जगली. पहाटे गारखेड्याच्या क्रीडासंकुलात धावायची, मग शाळा, संध्याकाळी परत मैदान. गुडघ्यावर बर्फाची पिशवी बांधून स्टाफरूममध्ये फेऱ्या मारायची आणि फरशीवर पाण्याचे थेंब पडत जायचे. आमचा शिपाई वैतागून मागोमाग पोतेरं घेऊन फिरायचा.

याच काळात तिला कोमल सापडली. आमची सहल दौलताबादला गेली होती. मुलं किल्ला चढायला गेली, मी पायथ्याशी सावली धरून बसले, आणि वैशाली गुडघ्यामुळं वर जाता येत नाही म्हणून पेरूच्या गाड्यांमधून येरझाऱ्या घालत होती. एका गाडीवर सोळा-सतरा वर्षांची एक लांबलचक मुलगी वरच्या काठीला टांगलेली टोपली काढत होती, टाचासुद्धा न उचलता. वैशाली तिथंच थबकली. माझी ओढणी ओढून घेतली आणि त्या मुलीचे दोन्ही हात पसरून या बोटापासून त्या बोटापर्यंत माप घ्यायला लागली.

गाडीमागून तिची आई ओरडली, "ओ बाई, माप कशाचं घ्यायल्यात? कपडे शिवायचेत का पोरीला?"

"कपडे बी शिवू की," वैशाली म्हणाली, "निळे शिवू."

कोमल आमच्या शाळेची नव्हती, पण रोज संध्याकाळी एसटीनं यायची. वैशालीनं तिला आपल्याकडचं होतं नव्हतं ते सगळं दिलं. बोलून कमी, ओरडून जास्त. "मागं! मागं बघ! डावा हात! तीन फूट! तीन फूट म्हणलं की!" हा घोष आमच्या शेवटच्या तासाला वर्गात ऐकू यायचा. मी कविता शिकवत असले की मुलं माझ्या आधी म्हणायची, "डावा हात!" दीड वर्षात कोमल अशी तयार झाली की वैशालीच्या आवाजाआधी तिचा हात वर जायचा. मी एकदा काळजीनं म्हटलं, "अगं, तूही गोलकीपर, तीही गोलकीपर. उद्या एकच जागा असली म्हणजे?"

"ती लहान हाय अजून," वैशाली म्हणाली आणि विषय तिथंच संपला.

भारतीय संघाच्या निवडीची चाचणी त्या वर्षी आपल्याच गावात, गारखेड्यात झाली. वैशालीसाठी हीच ती वाट पाहिलेली वेळ होती, पुढच्या वर्षीपर्यंत गुडघा टिकेल की नाही हे तिलाच माहीत नव्हतं. निवड समितीनं मुलींचे दोन संघ पाडले आणि एकमेकींविरुद्ध खेळवले. एका टोकाला वैशाली गोलकीपर, दुसऱ्या टोकाला कोमल. जागा खरोखरच एक होती. मला त्या दिवशी हा खेळ पहिल्यांदा नीट कळला. दोन गोलकीपर कधी समोरासमोर येतच नाहीत. प्रत्येकीनं आपलं टोक सोडायचं नसतं. बॉल एकीच्या रिंगपाशी असला की दुसरीला लांबून बघत उभं राहण्यावाचून काम नसतं. म्हणजे वैशालीला उभं राहून बघायचं होतं. आली का पंचाईत!

पहिला भाग बरा गेला. वैशालीनं दोन बॉल असे अडवले की माझ्या शेजारचा अनोळखी माणूससुद्धा उठून उभा राहिला. मग बॉल पलीकडं गेला. वैशालीच्या संघातली गोल मारणारी मुलगी कोमलला चुकवून मागून घुसत होती. तो गोल झाला असता तर गुण वैशालीच्याच संघाला मिळणार होता. आणि इकडच्या टोकावरून आमच्या बाईंचा खणखणीत आवाज सगळ्या मैदानावर घुमला:

"कोमल, मागं! मागून आली! डावा हात!"

कोमलचा डावा हात गेलाच. बॉल तिच्या पंजात. वैशालीनं टाळ्या वाजवल्या. दोन टाळ्या वाजल्यावर तिच्या लक्षात आलं. तिच्या संघाची कप्तान कमरेवर हात ठेवून तिच्याकडं बघत होती. समितीतले लोक हसत होते. मी कपाळावर हात मारून घेतला. एकदा चूक झाली, ठीक आहे. पण पुढच्या भागात तिनं तेच परत केलं. ओठ घट्ट मिटलेले मला इथून दिसत होते, हात पाठीमागं बांधले होते, तरी आवाज सुटलाच. त्याही वेळी कोमलनं बॉल पकडला.

संध्याकाळी नावं वाचली गेली. कोमलचं होतं. वैशालीचं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी शाळेत जो तो येऊन "गुरूची विद्या गुरूला" म्हणू लागला. मला तिचा फार अभिमान वाटला होता, म्हणून मी प्रार्थनेनंतर मुलांपुढं बोलले. शिष्येसाठी स्वतःची जागा सोडणारी गुरू, त्याग, वगैरे. मराठीच्या शिक्षिकेला हे शब्द तोंडपाठच असतात. ती ओळीच्या शेवटी उभी होती. तास सुटल्यावर माझ्याकडं आली, नेहमीच्या तीन फुटांच्या आत.

"त्याग-बिग काय नाय, मॅडम. मी कायबी सोडलं नाय. सवय नडली. रोज जे ओरडते तेच ओरडले. माझी जागा गेली, आणि तुम्ही पोरांस्नी टाळ्या वाजवायला लावल्या."

तिचे डोळे भरले होते. मला फार वाईट वाटलं.

कोमल पेढे घेऊन आली तेव्हा वैशाली मैदानाला फेऱ्या मारत होती. कोमल कडेला उभी. वैशाली दर फेरीला तिच्या समोरून जायची, बघायची नाही. "ताई," कोमल म्हणाली. पुढच्या फेरीला परत, "ताई, थांबा की." किती फेऱ्या झाल्या कुणास ठाऊक. शेवटी वैशाली न थांबताच ओरडली, "ठेव तिथं! आणि नखं दाखवून जा!" कोमल रडत रडत हसली आणि हात पुढं करून तिच्या शेजारून धावायला लागली.

ते वर्ष वाईट गेलं. वैशाली कुणाशी धड बोलायची नाही. स्टाफरूमच्या फेऱ्या वाढल्या. समितीकडून निरोप आला की लहान मुलींच्या संघाच्या प्रशिक्षक म्हणून यायला आवडेल का. मी म्हटलं, "घे बाई. मान आहे, गुडघ्याला आराम आहे."

"मान बसल्या जागी मिळतो, मॅडम. मला आत जायचंय."

आणि तिनं एक गोष्ट केली जी शहाण्या माणसानं केली नसती. तिनं जागा बदलली. गोलकीपरच्या पुढं गोल डिफेन्स नावाची खेळाडू असते. गोलकीपर आपलं टोक राखते, गोल डिफेन्सला मैदानाच्या तीनपैकी दोन भागांत पळायचं असतं. एकतिशी ओलांडलेली, शिवलेल्या गुडघ्याची बाई पळण्याची जागा मागायला निघाली होती. डॉक्टरांनी हात टेकले. तिची आई मला फोनवर म्हणाली, "आता मीच डोळे मिटून बसते."

"गोलकीपर कोमल हाय," वैशाली म्हणाली. "तिची जागा तिची. तिच्या पुढची अजून कुणाची नाय."

पुढच्या वर्षीची चाचणी दूर उत्तरेकडं होती. संध्याकाळी तिचा फोन आला. मागं गाड्यांचे आवाज, ती रस्त्यानं चालत बोलत होती. यादीत नाव होतं. सगळ्यात शेवटचं. म्हणजे संघाबरोबर जायचं, आणि कुणी पडलं-झडलं तरच आत. नाहीतर संपूर्ण स्पर्धा बाकावर.

"बाकावर, वैशाली?" मला हसू आवरेना. "तू?"

"हसू नका, मॅडम," ती म्हणाली. मग तीही हसली. मग म्हणाली, "मला लई भ्या वाटायलंय. ड्रेस अंगात घालून नुसतं बसून परत आले तर?"

त्या स्पर्धेतला एक सामना आम्ही काळे सरांच्या फोनवर पाहिला. मधली सुट्टी होती, फोन पाण्याच्या बाटलीला टेकवून ठेवला होता, आणि सगळा स्टाफ एकमेकांच्या खांद्यावरून वाकून बघत होता. कोमल मागच्या टोकाला ओळखू येत होती. वैशाली पडद्याच्या कोपऱ्यात. बाकावरच्या बाकीच्या मुली ओळीनं बसलेल्या, आणि एक उभी. कुणी अधिकारी तिला खाली बसायची खूण करायचा. ती बसायची. कॅमेरा पलीकडं जाऊन परत यायचा तेव्हा पुन्हा उभी.

सामना शेवटाकडं आला. आपल्या गोल डिफेन्स मुलीचा पाय मुरगळला, ती खाली बसली. खेळ थांबला. कॅमेरा त्या मुलीवरच बराच वेळ रेंगाळला, मला त्या कॅमेरावाल्याचा राग आला. मग तो सरकला. वैशाली ट्रॅकसूटचा शर्ट डोक्यावरून ओढून काढत होती. तो तिच्या लांब हातात अडकला, तिनं हिसडा देऊन तो फेकला. निळा ड्रेस. अंपायरपुढं हात धरले, पालथे केले. आणि ती चालत आत आली. धावली नाही. चालत आली, एकेक पाऊल टाकत, गुडघा सरळ ठेवून.

कोमल तिच्यासाठी जरा मागं सरकली. खेळ सुरू झाला. बॉल आपल्या रिंगकडं येत होता, समोरची मुलगी फेकणार, आणि वैशाली दोन्ही हात वर करून तिच्यापुढं उडाली.

तिथंच चित्र अडकलं. रेंज गेली होती. पडद्यावर वैशाली हवेत, दोन्ही हात वर, पाय जमिनीपासून सुटलेले, आणि मधे ते फिरणारं गोल चक्र. बॉल तिला लागला की वरून गेला, काही कळेना. काळे सर फोन उचलून खिडकीकडं न्यायला लागले.

मी त्यांचा हात धरला. म्हटलं, "असू द्या, सर. राहू द्या तिला जरा तशीच."